सारजाबाई पावणी न्हाई

पिंपरी पेंढारात कुणीही कुणालाही 'पावणं' म्हणतं. खतवाला पावणं, मीटर वाचायला आलेला पावणं, रस्ता चुकून बांधावर उभा राहिलेला ट्रकवाला पावणं. बिबट्याचा पिंजरा लावायला येतात ते फॉरेस्टवालेसुद्धा पावणं. नाव ठाऊक नसलेल्या माणसाला हाक मारायची ही सोय आहे. शब्दाला पैसे पडत नाहीत आणि त्याचा अर्थ कुणी विचारत नाही.

सारजाबाईंच्या दारात मात्र तो चालत नाही.

परवाच ठिबकच्या नळ्या विकणारा एक जण अंगणात आला. सारजाबाई ओट्यावर वाटाणा सोलत बसल्या होत्या. त्यांची सोलायची रीत आता वेगळी आहे. शेंग मांडीखाली दाबायची आणि डाव्या हाताच्या अंगठ्यानं उकलायची.

"ओ पावणं, हायेत का कुणी घरात?"

अंगठा थांबला. "कोण पावणं?"

"न्हाई म्हंजे... मावशी, तुमालाच..."

"हे घर माझं. ओटा माझा. वाटाणा माझा. पावणा तू हायेस, तुला चहा मिळंल. मला पावणं म्हणायचं न्हाई. म्हन्लास तर चप्पल मला डाव्या हातानं बी नीट बसवता येती."

आतून सून धावत आली. स्नेहलला आता याची सवय झाली आहे. तिनं पाण्याचा तांब्या पुढं केला आणि हळूच म्हणाली, "बसा हो दादा. त्यांचा राग तुमच्यावर न्हाई."

"त्याच्यावर बी हाय!" सारजाबाई गरजल्या.

माणूस चहा न घेताच गेला. त्याला कोण सांगणार की या एका शब्दानं या बाईचा उजवा हात दुसऱ्यांदा कापला होता. पहिल्यांदा डॉक्टरांनी कापला, तेव्हा निदान भूल तरी दिली होती.

सारजाबाईंचं माहेर कळंबचं. लग्न होऊन पिंपरी पेंढारात आल्या तेव्हापासून त्यांच्या घरात कोथिंबीर कधी चुकली नाही. नवरा सावळाराम भला माणूस. इतका भला, की त्याला बाजारात उभं केलं तर गिऱ्हाईकच भाव सांगून माल घेऊन जायचं. म्हणून शेत त्यानं बघायचं आणि माल सारजाबाईंनी, ही वाटणी पहिल्या वर्षातच झाली. रोप उपटायचं, मुळांची माती पायाच्या नडगीवर आपटून झाडायची, देठ सारखे करायचे, एक पीळ, एक गाठ. जुडी अशी गच्च की व्यापारी हातात घेऊन न बघता म्हणायचा, "ही सारजाबाईची."

जुड्या बांधण्यात सारजाबाईंचा हात कुणी धरू शकत नाही, असं गाव म्हणायचं. हल्ली हे वाक्य कुणाच्या तोंडी येत नाही. आलंच तर बोलणारा मध्येच खोकतो.

माल एकटा धाडणं त्यांना मान्य नव्हतं. "लेकरू कुणी एकटं धाडतं का बाजारात?" म्हणायच्या. गेणभाऊच्या पिकअपमध्ये माल चढला की पुढं त्याच्या शेजारी या बसणार. नारायणगावला उतरणार, स्वतः ढीग लावणार, स्वतः भांडणार. गेणभाऊ शेकड्यावर, म्हणजे शंभर जुड्यांमागं, भाडं घ्यायचा. भावकीतला असला तरी भाडं सोडायचा नाही आणि सारजाबाईंनाही ते सोडलेलं आवडलं नसतं. चोख व्यवहार होता.

त्या दिवशीही तसाच होता.

"वहिनी, काच लावा की, धुरळा येतोय."

"ऱ्हाऊ दे. मागं ताडपत्री सुटली तर ऐकू आलं पायजे."

"तुमचं सगळं ध्यान मागं!"

"आन तुझं सगळं त्या फोनात. गेणभाऊ, म्होरं बघ."

"बघतोय की! अवो, गुरूपवर भाव आलेत. कोथमीर लई कडक निघालीय आज. वहिनी, तुमची चंगळ हाय."

"निघू दे. तू आधी म्होरं बघ."

पुढं वळण होतं.

गाडी रस्त्याकडेची चारी ओलांडून डाव्या अंगावर पडली. दार उघडलं, सारजाबाई बाहेर फेकल्या गेल्या आणि ते लोखंडी धूड उजव्या हातावर येऊन टेकलं. दुखलं का, हे त्यांना सांगता येत नाही. आठवतो तो वास. चिरडलेल्या कोथिंबिरीचा हिरवागार, नाकात घुसणारा वास. आणि आठवते ती एक बाई. माणसं गोळा झाली, कुणी "धरा, उचला" ओरडत होतं, आणि त्या गर्दीत एक बाई खाली वाकली, रस्त्यावरच्या दोन जुड्या उचलल्या, झटकल्या आणि पिशवीत टाकल्या. सारजाबाई जमिनीवरून बघत होत्या. "ए," त्यांनी म्हणायचा प्रयत्न केला, "भाव तरी इचार."

हात कोपराखाली काढावा लागला.

गेणभाऊला कपाळावर टाके पडले. त्या दिवशी संध्याकाळी कपाळाला पट्टी बांधून तो दवाखान्यात त्यांच्या खाटेशी आला, इकडंतिकडं बघितलं आणि कानाशी वाकला.

"वहिनी, हवालदार आलाय भाईर. पाया पडतो तुमच्या. भाडं घितलं असं बोलू नका. आरटीओचा एजंट म्हणतोय, भाड्यानं माणूस बसवला म्हन्लं तर गाडी जप्त व्हती."

"माणसाचं भाडं कवा घितलंस? कोथमिरीचं घितलंस."

"ती सांडली समदी. आता कुणाला दाखवायची? पावणी हाय म्हणा. पावणी म्हणून नेत व्हतो. बास, एवढा एक शब्द."

सारजाबाईंच्या डोक्यात औषधाचं धुकं होतं. पण त्या धुक्यातही त्यांना एवढं कळत होतं की गाडी गेली तर गेणभाऊचं घर बसेल. सासूबाईंना श्वास लागला होता तेव्हा याच गाडीनं त्यांना दवाखान्यात नेलं होतं. आणि शब्द तरी कुठला? पावणं. दिवसातून शंभरदा म्हणतो तो.

हवालदारानं विचारलं, "गाडीवाल्याशी तुमचं काय नातं, मावशी?"

"पावणंच हाये आमी."

"भाडं वगैरे दिलं होतं?"

"पावण्याकडनं कोण भाडं घेतं?"

हे दुसरं वाक्य त्यांनी पदरचं घातलं होतं. गेणभाऊनं एकच शब्द मागितला होता, यांनी वर दागिना चढवून दिला. पुढं रात्रंदिवस त्यांना जाळलं ते याच वाक्यानं.

*

जुन्नरच्या वकील हर्षाली मॅडम वयानं स्नेहलएवढ्याच. त्यांनी भरपाईचा दावा लावला आणि मग विमा कंपनीचं उत्तर आलं. ते सांगायला मॅडमनी दोघींना ऑफिसात बोलावलं.

"कंपनी म्हणतेय, आमचा काही संबंध नाही."

"म्हंजे? गाडीचा इमा व्हता की!"

"होता. पण गाडी मालाची आहे. मालाचा मालक आपल्या मालासोबत बसला असेल तर विमा त्याला धरतो. फुकट बसवलेल्या माणसाला धरत नाही. आणि पोलिसांच्या जबाबात तुम्ही स्वतः म्हणालाय की तुम्ही पाहुण्या होतात."

पंखा फिरत होता. सारजाबाईंच्या उजव्या बाहीचं टोक स्नेहलनं दुमडून पिनेनं लावलं होतं, ते वाऱ्यानं हलत होतं.

"मॅडम," त्या म्हणाल्या, "आमच्या गावात बिबट्या लई. औंदा उसातनं एक बाई वढली त्यानं. जीव वाचला, पाय गेला. फॉरेस्टवालं आलं, पंचनामा केला, सरकारनं पैसं दिलं. तिला कुणी इचारलं का, तू बिबट्याची कोण लागतीस म्हणून? त्याच्याकडं माल घिऊन चालली व्हतीस का पावणी म्हणून?"

हर्षाली मॅडमनी हातातला कागद खाली ठेवला.

"मला बिबट्यानं धरलं असतं तर बरं झालं असतं," सारजाबाई उठल्या. "निदान तो जबाब देत न्हाई."

"आई, बसा," स्नेहल म्हणाली. "मॅडम, मग आता वाट काय?"

"वाट एकच. गेणभाऊंनी कोर्टात खरं सांगायचं. माल यांचा होता, भाडं मालाचं घेतलं होतं. यात कसलाही गुन्हा नाही. मालाच्या गाडीनं मालाचं भाडं घ्यायचं नाही तर काय करायचं? उलट, कंपनी सुटली तर भरपाई गेणभाऊंच्याच गळ्यात पडेल. त्यांचंही भलं खरं बोलण्यातच आहे."

घरी आल्या त्या सरळ गेणभाऊच्या अंगणात. तो दुरुस्त करून आणलेली पिकअप धूत होता.

"गेणभाऊ, वकिलीणबाई म्हणती, भाडं घेणं गुन्हा न्हाई."

"त्या तुमच्या वकील हायेत वहिनी. तुमच्याच सोयीचं बोलणार."

"आरं, तुझ्या बी सोयीचं हाय!"

"आता असं बघा." त्यानं फडकं पिळलं. "मी पोलिसाला पावणी म्हणून सांगून बसलोय. आता फिरलो तर खोटी साक्ष म्हणून मला आत टाकतील. कंपनीचं वकील भेटलं व्हतं मला. लई चांगला माणूस. म्हन्ला, पावणं, तुमी पैलं सांगितलंय तेच सांगा, तुमाला काय व्हनार न्हाई."

"तुला पावणं म्हन्ला?"

"म्हन्ला की. प्रेमानं."

"मी मागल्या दारानं तुझी गाडी वाचवली," सारजाबाईंचा आवाज एकदम खाली आला, आणि स्नेहलला ठाऊक होतं, आवाज खाली गेला की जपून राहायचं. "आन तू फुडल्या दारानं मला इकतोस."

"तसं न्हाई वहिनी..."

"मी पावणी हाये. व्हय ना? तुझं हे शेवटचं?"

गेणभाऊनं मान खाली घातली. "व्हय. पावणीच."

"बरं," सारजाबाई म्हणाल्या. "मग असू दे."

*

दुसऱ्या दिवशी सकाळी सारजाबाई नवं लुगडं नेसल्या. म्हणजे स्नेहलनं नेसवलं. कपाळाला कुंकू लावून घेतलं, पिशवीत दोन लुगडी आणि फणी घेतली, आणि चार घरं सोडून गेणभाऊच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या.

"साळू! आगं ए साळू! पावणी आलीया!"

गेणभाऊची बायको साळुबाई पिठाच्या हातानं बाहेर आली. "वहिनी? आवं या की. काय काम व्हतं?"

"पावणीला काम नसतं. पाय धुवायला पाणी आण."

साळुबाईला हसू आलं. मग पिशवी दिसली आणि हसू गेलं. तिनं पाणी आणलं. सारजाबाई पडवीतल्या खाटेवर मांड ठोकून बसल्या. चहा झाला. दुसरा चहा झाला. शेजारपाजारचं कुणी डोकावलं की सारजाबाई स्वतःच सांगायच्या, "मी गेणभाऊची पावणी. सरकारदरबारी नोंद हाय. ऱ्हायला आलीया."

गेणभाऊ दुपारी आला तो दारातच थबकला.

"वहिनी, हे काय?"

"पावणचार घेतीया. आल्या पावणीला असं दारातनंच इचारत्यात का रं? तुमच्यात रीत न्हाई?"

"गाव हसंल."

"कुणाला?"

याचं उत्तर दोघांनाही ठाऊक होतं. गाव सारजाबाईंना हसत नव्हतं. पाहुणीला 'जा' म्हणता येत नाही, हे गेणभाऊला लहानपणापासून शिकवलेलं. पाहुणीला उपाशी ठेवता येत नाही. पाहुणीकडून काम करून घेता येत नाही. आणि या पाहुणीचं तर काम होतं! सकाळी वेणी घालायची. लुगडं नेसवायचं. भाकरी कुस्करून द्यायची. साळुबाई दिवसभर खपत होती आणि प्रत्येक कामासरशी तिला कळत होतं, हे सगळं रोज स्नेहल करते.

जेवण झालं. साळुबाई तांब्या घेऊन आली. "घ्या वहिनी, हात धुवा."

सारजाबाईंनी डावा हात पुढं केला. बोटांना आमटी-भाकरीचा काला चिकटलेला होता. साळुबाईनं पाणी ओतलं. पाणी बोटांवरून वाहून गेलं, काला तिथंच.

"चोळा की वहिनी."

"कशानं?"

साळुबाईनं त्यांच्या दुमडलेल्या बाहीकडं बघितलं.

"एका हातानं तोच हात धुऊन दाव मला, साळू. म्या लई परयत्न केला. लुगड्याला पुसता येतो, भितीला घासता येतो. धुता न्हाई येत."

साळुबाईनं तांब्या खाली ठेवला. ओसरीवर तोंड फिरवून बसलेल्या नवऱ्याकडं वळली आणि लग्नानंतर पहिल्यांदाच त्याला चारचौघांत मोठ्यानं म्हणाली, "उठा. तुमी धुवा."

"मी? आगं..."

"पावणी माझी न्हाई. तुमची हाय. पोलिसाला तुमीच सांगितलंय. उठा म्हन्ते ना!"

दारात चारदोन बायका उभ्या होत्या. गेणभाऊ आला, उकिडवा बसला. साळुबाई पाणी ओतत होती आणि गेणभाऊ, ज्यानं जन्मात कधी स्वतःचं ताट उचललं नव्हतं, तो त्या हाताच्या एकेका बोटाच्या बेचक्यातला काला आपल्या बोटांनी काढत होता. अंगठ्याच्या मुळाशी कोथिंबीर बांधून बांधून पडलेला घट्टा होता. तो त्याच्या बोटाला लागला. याच घट्ट्याची जोडी दुसऱ्या हाताला होती.

"नीट धू," सारजाबाई म्हणाल्या. "नखात ऱ्हायलंय."

त्यानं नखातलंही काढलं. सारजाबाई तरीही गेल्या नाहीत. पाहुणी खरं तर तेवढ्यावर उठली असती. त्या कोर्टाच्या तारखेपर्यंत राहिल्या आणि प्रत्येक जेवणानंतर हात पुढं करत राहिल्या. दया त्यांना आली नाही. मी लिहिताना ती घुसडणार नाही.

*

कोर्ट खेडला. व्हरांड्यात कंपनीचे वकील गेणभाऊच्या खांद्यावर हात टाकून चालले होते. "या पावणं, असं या. घाबरायचं काही नाही." सारजाबाई बाकावरून ऐकत होत्या. त्यांनी स्नेहलच्या हाताला असा चिमटा काढला की तिथं नंतर निळं पडलं.

आधी त्यांचीच उलटतपासणी झाली.

"बाई, पोलिसांना तुम्हीच सांगितलं ना, पाहुणी म्हणून?"

"सांगितलं."

"आता म्हणता, मालाची मालक. मग खोटं कधी बोललात? तेव्हा की आता?"

वकिलांना वाटलं, बाई गडबडेल. सारजाबाईंनी एक क्षणही घेतला नाही.

"तवा."

वकील पुढचा प्रश्न विचारणार, तोच त्या पुढं बोलल्या.

"तवा माझा हात नुकताच गेलेला, आन मला त्याची गाडी वाचवायची व्हती. मी खोटं बोलून गाडी वाचवली. गुन्हा हाय तर लिवा. पर मी जे बोलले त्यात एक खरं व्हतं, आमच्यात समद्यांना पावणं म्हणत्यात. तुमी मगाशी गेणभाऊला पावणं म्हन्ला. तो तुमचा कोण लागतो? व्याही?"

मागं कुणीतरी फिस्सकन हसलं. न्यायाधीशांनी चष्म्यावरून बघितलं. "बाई, प्रश्न वकील विचारतील. तुम्ही फक्त उत्तर द्या."

"देते की. पर मला कुणी देत न्हाई."

यातलं काही नोंदवलं गेलं नाही. कोर्टात हशा मोजत नाहीत. कंपनीचे वकील घाम पुसून हसतच बसले, कारण त्यांचा खरा माणूस पुढं होता.

गेणभाऊ पिंजऱ्यात आला. शर्टाला इस्त्री केली होती. वकिलांनी मऊ आवाजात विचारलं, "सारजाबाईंना तुम्ही गाडीत का बसवलं होतं? जबाबात दिलंय तेच सांगा फक्त."

गेणभाऊनं कठडा धरला. मग कठड्यावरचे आपले दोन हात बघितले.

"साहेब, जबाबात पावणी सांगितलंय."

"बरोबर." वकील बसायला लागले.

"पर पावणी न्हाई ती." वकील अर्धे बसलेले तसेच राहिले. "आता खरीच पावणी म्हणून ऱ्हायली माझ्या घरी, तवा मला फरक कळला. पावणी रिकाम्या हातानं बसून खाती. ही बाई त्या दिवशी तशी नव्हती बसली. मागं तिची कोथमीर व्हती, आन वाटभर तिचं कान ताडपत्रीला. शेकड्यावर भाडं घितलं मी. दर येळी घ्यायचो. कवाच सोडलं न्हाई."

"तुमच्यावर दबाव आणलाय यांनी! घरी येऊन बसल्या होत्या या, खरं की नाही?"

"खरं हाय. तिचा हात धुतला मी." गेणभाऊनं कठडा सोडला. "आजवर माझ्यावर दोन जणांनी दबाव आणला साहेब. तुमी म्हन्ला, हायेस तसा ऱ्हा. ती म्हन्ली, हात धू. कुणाचं ऐकू?"

हर्षाली मॅडम उठल्या. "गाडी का उलटली, तेही सांगा."

सगळ्यात जड तेच होतं. गेणभाऊनं सारजाबाईंकडं बघितलं. त्यांच्या चेहऱ्यावर काहीही नव्हतं. सुटकाही नव्हती.

"मी फोन बघत व्हतो," तो म्हणाला. "ती म्हणत व्हती, म्होरं बघ."

*

निकाल लागेपर्यंत आणखी एक पीक निघालं. त्या दिवशीही सगळे खेडला होते. न्यायाधीश बरंच वाचत होते, बरंचसं डोक्यावरून गेलं, पण हर्षाली मॅडमनी मध्येच मागं वळून स्नेहलचा हात दाबला.

बाहेर आल्यावर मॅडम म्हणाल्या, "मावशी, कोर्टानं मानलं. तुम्ही मालाच्या मालक म्हणून प्रवास करत होतात. भरपाई कंपनीनं द्यायची."

"तसं लिवलंय? मालक?"

"अगदी तसंच."

कंपनीचे वकील फाइल काखेत मारून चालले होते. "बघू, वर जाऊ आम्ही," ते जाता जाता म्हणाले.

"जा!" सारजाबाईंनी त्यांच्या पाठीवर आवाज टाकला. "वर गेला तरी तितं माझी कोथमीरच हाय! पार दिल्लीला जावा!"

सावळाराम शर्टाच्या बाहीनं डोळे पुसत होता. स्नेहल पेढे आणू का म्हणाली. सारजाबाई म्हणाल्या, "कशाचं? हात आला का माघारी?" आणि फाटकाकडं चालू लागल्या.

फाटकाबाहेर पिकअप उभी होती. गेणभाऊ दार उघडून वाट बघत होता. पत्रा ठोकून सरळ केला होता, पण डाव्या दाराला अजून पोचा होता. त्या दाराकडं सारजाबाईंनी बघितलं नाही.

"बसा वहिनी. गावाकडंच चाललोय. दादांना बी घेऊ."

"भाडं किती?"

"आता तुमच्याकडनं भाडं घिऊ का मी?"

"मग मला न्हाई बसायचं."

"बरं, द्या. काय वाटंल ते द्या."

"आरं, कशाचं देऊ? मागं बघ." सारजाबाईंनी डाव्या हातानं रिकाम्या हौद्याकडं बोट केलं. "मालाची गाडी तुझी. माल कुटंय माझा? बिनमालाची बसले तर कोण झाले मी?"

गेणभाऊचं तोंड उघडलं. तो शब्द त्याच्या ओठापर्यंत आला आणि त्यानं गिळला.

"कळलं ना? चालव सावकाश. आन म्होरं बघ."

तिघं स्टँडवर आली. आळेफाट्याकडं जाणारी एसटी खच्चून भरलेली होती. सावळारामला मागं रेटलं गेलं, स्नेहलनं सासूला पुढं घातलं. एका कॉलेजच्या मुलीनं बाही बघितली आणि उठून जागा दिली. सारजाबाई खिडकीशी बसल्या. मंचर गेलं. कळंब आलं. माहेराची वाट उजवीकडं सरकत गेली, ती त्यांनी मान वळवून दिसेनाशी होईपर्यंत बघितली. पोरवयात त्या वाटेनं दोन्ही हातांनी परकराचा घोळ धरून त्या पळायच्या.

कंडक्टर गर्दी फोडत तिथवर पोचला तेव्हा घामानं निथळत होता. सारजाबाई खिडकीतून अजून बाहेरच बघत होत्या.

"चला, तिकीट. ओ पावणं, तिकीट बोला!"

स्नेहलनं डोळे मिटून घेतले.

सारजाबाई सावकाश वळल्या. "तिकीट देतोस ना?"

"देतोय की मावशी."

"पैसं घेतोस ना?"

"बायकांना अर्धं हाय. अर्धं घेतो."

"अर्धं तर अर्धं. पैसं घेतोस, तिकीट देतोस. मग मी तुझी कोण?"

कंडक्टरनं स्नेहलकडं बघितलं. स्नेहलनं हात जोडले. मागच्या सीटवरचे दोघं ऐकायला पुढं झुकले.

"प्यासिंजर," तो म्हणाला.

"मग तो शब्द माघारी घे."

"कुठला?"

"तुला ठाऊक हाय."

गाडी खड्ड्यात आदळली, सगळे एका बाजूला कलंडले, पुन्हा सरळ झाले. सारजाबाईंनी डाव्या हाताचा तळवा तसाच पुढं धरून ठेवला होता, तिकिटासाठी.

"घेतला मावशी," कंडक्टर म्हणाला आणि मशिनची कळ दाबली.